काहून विचारायचं काम

आमच्या भांड्यांच्या दुकानाची ख्याती सांगायची तर एवढंच सांगतो. एकदा आम्ही दुकानापुढे विकायला एक गंगाळ ठेवलं, तर त्याला वळसा घालता घालता रिसोड-वाशीम एसटीला अर्धा तास उशीर व्हायला लागला. खोटं वाटत असेल तर कंडक्टरला विचारा. कंडक्टर रिटायर झाला, आता कुठे असतो कोणाला माहीत नाही, ती गोष्ट वेगळी. गिऱ्हाईक असलं काही ऐकून हसायचं, हसता हसता एखादी परात जास्तीची घ्यायचं. बोलायचं काम माझं. नाव टाकायचं काम माझ्या मोठ्या भावाचं.

नाव टाकायचं म्हणजे भांड्यावर कोरायचं. लेकीच्या लग्नात आमच्याकडे आंदण देतात. ताटं, पाण्याचे गडवे, पराती, रांधायचे गंज, सगळा संसार. आणि त्यातल्या एकेका भांड्यावर बापाचं नाव, गावाचं नाव हवंच. कोरं भांडं दिलं की सासरचे विचारतात, उसनं आणलं का? माझा भाऊ, ज्याला अख्खा बाजार दादा म्हणतो, मिशी फुटली तेव्हापासून ती पांढरी होईपर्यंत हेच करत आला. आधी छिन्नी-हातोडीने, मग विजेच्या मशीनने. मशीन पेनासारखी, पण हातात धरली की कोपरापर्यंत हाडं कुरकुरतात. आमच्या पाटीवर ठळक अक्षरात लिहिलेलं असायचं, ‘नाव मोफत टाकून मिळेल.’ त्याच्या अक्षराबद्दल मी गिऱ्हाइकांना सांगायचो की अकोल्याचा डोळ्यांचा डॉक्टर आपला तक्ता दादाकडून कोरून नेतो, कारण ती अक्षरं वाचून अर्ध्या पेशंटचे चष्मे तिथेच उतरतात.

मग गिऱ्हाईक येईनासं झालं.

एका दिवसात थांबलं असतं तर मी छाती बडवली असती, सगळा बाजार गोळा केला असता. पण ते असं थांबलं जसा नळ बंद होतो, धार, मग थेंब, मग नुसता आवाज. थेंबाथेंबाला कोण रडतं? मी सकाळी शटर उघडायचो, भांडी पुसायचो, परातीत माझंच तोंड दिसायचं. तोंडावर काही नसायचं. समोरचे कापडवाले शेठजी जैन माणूस, दिवस मावळायच्या आत जेवून मोकळे होतात आणि मग जेवलेला चेहरा घेऊन दुसऱ्यांच्या दुकानात बसतात. ते म्हणायचे, “अरे, आज गप्प कसा? एखादी थाप तर मार.” मी मारायचो. त्यांना हसू यायचं, मला यायचं नाही. थाप तीच, फक्त आतून कोणी मारत नव्हतं.

दिवाळीच्या फराळाला सगळे बसले होते. मी म्हणालो, “या लगीनसराईनंतर दुकान बंद करू.” मीठ मागावं तशा आवाजात म्हणालो.

दादाने चिवड्याचा घास चावून संपवला. वहिनीला जाऊन बरीच वर्षं झालेली, मूलबाळ नाही. सकाळी अंघोळ करून दुकानातल्या त्या लाकडी पाटावर मशीनपुढे बसायचं आणि दिवे लागले की उठायचं, एवढंच त्याचं जगणं.

“मंग मी कुठे बसू?” त्याने विचारलं.

तक्रार नव्हती ती. खरंच माहिती हवी होती त्याला.

उत्तर शोधायला उठली ती माझी पोरगी. ती पुण्याला असते आणि तिची नोकरी ऐकली तर तुम्हाला माझीच थाप वाटेल. दुसऱ्यांच्या धंद्याचं दुखणं शोधून काढायचं आणि त्याचा पगार घ्यायचा. वैद्य म्हणावं तर औषध देत नाही, ज्योतिषी म्हणावं तर पत्रिका बघत नाही. दिवाळीला आलेली, आणखी काही दिवस घरूनच काम करणार होती. ती म्हणाली, “बाबा, बंद करायचं तर करा. पण आधी नीट तपासू. पद्धतीनं. मोठे बाबा कुठं बसतील ते नंतर बघू, आधी दुकान कशानं बसलं ते बघू.”

दुसऱ्या दिवशी दुपारी दुकानात तिने आम्हा दोघांना समोर बसवलं.

“पहिलं काम. अडचण काय आहे ते एका वाक्यात सांगायचं. बाबा, तुम्ही.”

मी सुरू केलं. जागतिक मंदी, प्लास्टिक, मोबाईलवर घरपोच येणारे डबे, हल्लीच्या सुनांना पितळ घासायचा कंटाळा, पत्रिकेवर छापायची ती ‘आहेर आणू नये’ची ओळ. माझं वाक्य रिसोडातून निघालं ते मालेगाव, मेहकर करून परत आलं तरी संपेना.

“मोठे बाबा, तुम्ही सांगा.”

“गिऱ्हाईक येत नाही,” दादा म्हणाला.

“हं. कोणतं गिऱ्हाईक? सगळंच येत नाही का?”

आम्ही दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. असा विचार आम्ही केलाच नव्हता. येत नाही म्हणजे येत नाही.

तिने दुसरं काम काढलं. अडचणीचे तुकडे करायचे. पुण्यात ते पडद्यावर चौकोन काढून करतात म्हणे. तिने इथे भांडीच खाली उतरवली. जे अजून खपतं ते डावीकडे, जे खपेनासं झालं ते उजवीकडे. मी म्हणत होतो, “अवं, बाजारात हसं होईन, दुकानात भूकंप झाला म्हनतीन लोक.” शेठजी खरोखर पाहायला आले आणि कंबरेवर हात ठेवून उभे राहिले. “दिवाळी झाली न रे, आता काय साफसफाई?”

“शेठजी, धंद्याची पोटफाड सुरू हाये,” मी म्हणालो. “टाके घालाले तुमचा दोरा लागन.”

तासाभरात ढीग पडले. डावीकडे झारा, चिमटा, गाळणी, तवा, कुकरची रिंग, शेगडीची जाळी. उजवीकडे ताटं, गडवे, पराती, घागरी, गंज. उजव्या ढिगावर चढलं असतं तर शेजारच्या तालुक्यातल्या शिरपूरच्या देवळाचा कळस दिसला असता.

“आता तिसरं. या उजव्या ढिगाला ‘का’ विचारायचं. उत्तर आलं की त्या उत्तराला पुन्हा ‘का’. जोपर्यंत तळ लागत नाही तोपर्यंत. आणि विचारणारा एक पाहिजे, तो मध्ये थांबला नाही पाहिजे, कोणाची भीड नाही ठेवली पाहिजे. मोठे बाबा, तुम्ही विचारा. तुम्ही घरातले मोठे.”

दादाला इतकं मोठं काम कोणी दिलं नव्हतं. तो पाटावर सरळ झाला. “म्हंजे मी नुसतं काहून म्हनाव?”

“नुसतं काहून.”

“हे तं मले लहानपनापासून येते.”

आणि खरंच त्याला ते आवडलं. मी म्हणायचो, आंदणाची भांडी जात नाहीत. “काहून?” लोक पैसे देतात आता. “काहून?” पोरीच्या सासरी भांडी आधीच असतात. “काहून? आधी नव्हते का त्याइच्या घरी भांडे?” मी अडकायचो, तो खुश व्हायचा. शेठजींनाही त्याने सोडलं नाही. ते म्हणाले, सगळं ऑनलाईन झालं. दादा म्हणाला, “मंग तुमचं लुगडं काहून ऑनलाईन नाही गेलं?” शेठजी उठून आपल्या दुकानात गेले. पोरगी हसली. मला हसायला हवं होतं. मी बघत होतो, जसं काचेपलीकडे लग्न चाललेलं बघावं.

दोन-तीन दुपारी असंच चाललं आणि सगळी उत्तरं हवेतच फिरली. तेव्हा पोरगी म्हणाली, “आपण इथं बसून अंदाज बांधतोय. चौथं काम, जाऊन पाहायचं. गिऱ्हाइकाच्या घरी.”

रिठदला आमचं एक जुनं घर आहे, म्हणजे गिऱ्हाईक. त्या घरातल्या चार लेकींचं आंदण आमच्याकडून गेलं होतं. आता पाचवीचं लग्न. मी आणि पोरगी काळीपिवळी जीपने निघालो. त्या जीपमध्ये माणसं इतकी होती की उतरताना मी चुकून दुसऱ्याचाच पाय घेऊन उतरलो असतो.

घरची बाई मला भाऊ म्हणते, मीही तिला वर्षानुवर्षं थापा ऐकवल्या आहेत. पण त्या दिवशी मला दारात पाहून तिचा चेहरा पडला. चहा टाकायला गेली ती लवकर येईना. आम्ही बसलो होतो त्या खोलीत, कोपऱ्यात, चादर टाकलेला एक डोंगर होता. पोरीने चादरीचं टोक उचललं. नवंकोरं पितळ झळकलं. ताटं, गडवे, पराती, दोन घागरी, सगळ्यांवर सरळ, एकसारखं नाव. आमचं काहीच नाही. सगळं रिसोडच्या चौकात नुकत्याच उघडलेल्या भांड्यांच्या दुकानातलं, चिठ्ठ्या अजून चिकटलेल्या.

बाई चहा घेऊन आली आणि तिथेच थांबली.

“काकू,” पोरगी म्हणाली, “भांडायला नाही आलो. फक्त विचारायचं होतं. आमच्याकडून का नाही घेतलं?”

“घेनारच होतो वं माय...”

“महाग होतं का?”

“नाही वं. तुमच्या इतक्या सस्त्या भावात तं कोनीच देत नाही.”

“मग काहून?” हे मी म्हणालो.

बाईने कप खाली ठेवले. आतून एक परात घेऊन आली. तिच्या चौथ्या लेकीच्या आंदणातली, माहेरी परत आलेली. तिने ती माझ्याकडे केली. परातीच्या काठावर नाव होतं. पहिली दोन अक्षरं दादाची होती, कोणीही ओळखावीत अशी. पुढची अक्षरं ओळ सोडून खाली गेलेली, एकावर एक चढलेली, आणि शेवटी एक लांब ओरखडा, मशीन सुटून गेल्यासारखा.

“लेकीची सासू म्हने, हे नाव टाकलं का कोंबडी नाचली? चार बायांत म्हने. पोरीनं परात परत आनून देली.” मग ती भरभर बोलली, जसं कोणी मागे लागलंय. “तुमच्या दुकानातून घेतलं का नाव दादानंच टाका लागते. फुकट टाकते तो, किती मायेनं. त्याले कोन्या तोंडानं म्हनाव, नको म्हून? म्हून आमी तिकडून आनलं. जीप बी बाजारातून नाही आनली, नदीकडच्या रस्त्यानं आनली, दादाच्या नजरीत पडू नये म्हून. अन् भाऊ, आमीच नाही. समदे तसेच आनतात.”

समदे. म्हणजे रिसोडभरची वऱ्हाडं भांड्यांनी भरलेल्या जीपा घेऊन नदीकाठाने लपतछपत फिरत होती, चोरीचा माल असल्यासारखी. एका माणसाचं मन दुखू नये म्हणून. आयुष्यभर रचलेल्या माझ्या थापा एका पारड्यात घाला, ही दुसऱ्या पारड्यात. हीच जड होईल. आणि ही खरी होती.

मी चहा प्यायलो. चांगला होता की नाही आठवत नाही.

परतीच्या जीपमध्ये कोणीतरी मला ओळखलं आणि म्हणालं, “भाऊ, त्या गंगाळाची गोष्ट सांगा न.” मी सांगितली. एसटीला पाऊण तास उशीर केला या वेळी. जीप हसत होती. पोरगी खिडकीबाहेर पाहत होती. रिसोड आलं तेव्हा ती एवढंच म्हणाली, “बाबा, उजव्या ढिगातल्या सगळ्या भांड्यांवर नाव टाकतात. डावीकडच्या एकावरही नाही. मला पहिल्याच दिवशी दिसायला पाहिजे होतं.”

“सांगू नको त्याले,” मी म्हणालो. “मी काहीतरी रचतो.”

“काय?”

मी रचायला लागलो. मशीन जुनी झाली, कंपनीने परत मागवली. सरकारने पितळावर कोरायला बंदी घातली. एक-एक थाप उभी राहायची आणि बसायची. माझ्या पोतडीत दादाला पुरेल एवढी थाप नव्हती.

दुसऱ्या दिवशी दुपारी दादा पाटावर आधीच तयार बसला होता. धोतर झाडून, हात मांडीवर. रिठदच्या बातमीची वाट पाहत होता तो. ढीग तसेच होते, मध्ये पायवाट.

“सांग बाई,” तो पोरीला म्हणाला. “भेटली का थे रिठदवाली?”

“भेटली. तिनं आंदण चौकातल्या दुकानातून घेतलं.”

“काहून?”

पोरीने ढिगातला एक गडवा सरळ केला. “आपल्याकडं घ्यायचं नव्हतं म्हणून.”

“काहून?”

“दादा,” मी मध्ये पडलो, “तिचा नवरा त्या चौकवाल्याचा लांबचा साळा लागते. नातं म्हनजे असं का, एकाच बकरीचं दूध...”

“तू गप रे लहान्या.” त्याने माझ्याकडे पाहिलंही नाही. “तुहं काम काहून विचाराचं नाही, माहं हाये. बाई, काहून?”

“नावासाठी, मोठे बाबा.”

“नाव तं आपून फुकट टाकतो.”

“हो.”

“मंग काहून?”

पोरीने माझ्याकडे पाहिलं. मी उजव्या ढिगाकडे पाहिलं. बाहेर बाजारात कोणीतरी सोयाबीनच्या भावावरून वाद घालत होतं, आणि मला वाटलं हा वाद असाच चालू राहावा, संध्याकाळपर्यंत.

“काहून?” दादा पुन्हा म्हणाला. हळू. आता त्याला खेळ वाटत नव्हता. तरीही त्याने काम सोडलं नाही.

“अक्षर वाकडं येतं,” ती म्हणाली. “तुम्हाला नाही म्हणायची लोकांना भीड वाटते. म्हणून ते दुकानातच येत नाहीत.”

दादाने पुढचा काहून विचारला नाही. त्याचं उत्तर त्याच्या मांडीवर होतं. त्याने उजवा हात उचलला, उलटा केला, सुलटा केला, दुसऱ्याची वस्तू पाहावी तसा.

“मले मशीन हातात हाये का नाही थे समजतच नाही,” तो म्हणाला. “डोयानं पाहाव तवा समजते. पाहाले गेलो का अक्षर सुटते.”

“कधीपासून?”

“कोनाले माहीत.” मग त्याने तिला विचारलं, विद्यार्थ्याने मास्तरणीला विचारावं तसं, “तुह्या पद्धतीत कारन सापडलं का मंग काय करतात?”

तिने फक्त सांगितलं जे ती पुण्यात सांगते. “कारण काढून टाकतात. थोडे दिवस. आणि फरक पडतो का पाहतात.”

“बरोबर हाये,” दादा म्हणाला. “मंग काढा.”

तो वाकला, बटण बंद केलं, वायर ओढली आणि मशीन पाटाशेजारच्या डब्यात ठेवली. डब्याचं झाकण त्याला लवकर लावता आलं नाही. आमच्यापैकी कोणी मदतीला गेलं नाही, कारण तेही भिडेचंच झालं असतं. मग तो पोरीला म्हणाला, “पाटीवरची ‘मोफत’वाली ओळ पुसून टाक. अन् खाली लिही, नाव टाकून मिळनार नाही. चांगल्या अक्षरात लिही.”

तिने लिहिलं.

आता निकाल ऐका. यात मी मीठ-मसाला घातलेला नाही, गरज पडली नाही. ती पाटी लागली आणि आठवड्याभरात गिऱ्हाईक परत यायला लागलं. पाटी वाचायचे, आत यायचे, बसायचे, उजव्या ढिगातून उचलायचे. नाव चौकात कुठेही टाकून मिळतं. दर आमचाच चांगला होता. तुळशीची लग्नं झाली आणि खरी लगीनसराई सुरू झाली, तेव्हा वऱ्हाडं सरळ बाजारातून जीपा आणायला लागली. शिरपूरला देवदर्शनाला आलेले लोकसुद्धा जाताना एखादा गडवा घेऊन जायचे. रिठदची बाई आली, लेकीच्या आंदणात दोन पराती कमी पडल्या म्हणून. आणि सगळे, एकूणएक, दादाला म्हणायचे, “दादा, तुमच्यासारखं नाव आता कोनी टाकत नाही हो.” आता म्हणायला हरकत नव्हती. दादा मान हलवायचा. त्याला कळत होतं, ही रिसोडची माणसं थापेत माझेही बाप आहेत.

पाट आम्ही काढला. तिथे गिऱ्हाइकांना बसायला खुर्च्या टाकल्या, कारण खुर्च्या लागत होत्या. दादा दारापाशी बसायला लागला. तोलायला बसवलं, तर वजनं हातातून निसटायची. नोटा मोजायला दिल्या, तर दोन चिकटून यायच्या आणि त्याला कळायचं नाही. म्हणून मग नुसताच बसायचा. दुकान बंद करायचं बोलणं मागे पडलं. कोणी ते रद्द केलं असं नाही, उचलायला कोणाला वेळ नव्हता.

पोरगी पुण्याला गेली. एका दुपारी तिचा फोन आला, ऐन गर्दीत.

“बाबा, चाललंय का?”

“चाललं.”

“उजवा ढीग?”

“संपला. अकोल्याहून माल मागवला.”

“आणि मोठे बाबा?”

मी दाराकडे पाहिलं. दादा ऊन चुकवून सावलीत बसलेला. “हायेत,” मी म्हणालो. ती म्हणाली मीटिंग आहे, आणि फोन ठेवला. मला वाटलं आता काहीतरी भरून येईल. छातीपर्यंत हात नेऊन पाहिला. शर्टाचा खिसा होता, त्यात पेन होतं.

तेवढ्यात टपरीवरून चहा आला. उकळता, काचेच्या ग्लासात, काठोकाठ. दादाने ग्लास मुठीत धरला, जसा कोणी थंड पाण्याचा धरतो, आणि तोंडाकडे न नेता माझ्याकडे केला.

“लहान्या, हात लावून पाय बरं. गरम हाये का?”

मी ग्लासाला बोट लावलं. चटका बसला.

“हाये,” मी म्हणालो. “थांब जरा.”

मी त्याच्या मुठीतून ग्लास सोडवला, काउंटरवर ठेवला. त्याचा तळवा लाल झाला होता. त्याने तो धोतराला पुसला आणि थांबला, मी सांगेपर्यंत. खुर्चीवरच्या माणसाने घागरीची किंमत विचारली. मी त्याच्याकडे वळलो आणि सांगितली.